स्वस्त विजेवर कारखाना काढताय? आधी लोखंडी कपाट घ्या

नाशिककडे अंबडला नाहीतर सिन्नरला शेड बघताय आणि कुणीतरी कानात सांगितलंय की उद्योगाचा वीजदर दुकानापेक्षा कमी, वर सरकारची सवलत वेगळी, मग काय मजाच. तर मशीनच्या आधी एक जाडजूड कपाट घ्या. मशीन पुढेमागे भंगारात जाईल, सवलतीची फाईल नातवालाही लागेल.

पहिली गोष्ट, श्रद्धा पाहिजे. २०१६ ला सरकारने विदर्भ, मराठवाडा आणि आपल्या उत्तर महाराष्ट्रातल्या उद्योगांना वीजदरात सवलत दिली. आता वीज कायदा २००३ चं कलम ६५ म्हणतं की सरकारला सवलत द्यायची तर तेवढे पैसे वीज कंपनीकडे आधी भरा, नाही भरले तर तो आदेश लागूच नाही. म्हणजे पंगतीला बसवलंय खरं, पण आचाऱ्याचे पैसे चुकते झाले तरच वाढपी तुमच्या पानापर्यंत येणार. तुम्ही मात्र सवलत धरूनच पार्टीला कोटेशन देऊन टाका, धंद्यात एवढं धाडस लागतंच.

आणि सवलत मध्येच काढून घेतली तर घाबरायचं नाही, कोर्ट आहे ना. उत्तर प्रदेशात वीज मंडळाने नव्या कारखान्यांना ३ वर्षं बिलात १० टक्के सूट देतो म्हणून सांगितलं, १९८६ ला अर्ध्यातच बंद केली, कारखानदार भांडत भांडत सुप्रीम कोर्टात गेले आणि १९९७ ला जिंकले पण, दिलेला शब्द पाळा म्हणाले कोर्ट. सूट ३ वर्षांची, भांडण ११ वर्षांचं. एवढा टिकणारा धंदा हल्ली दुसरा कुठला आहे सांगा.

आता तपासणी. माझ्या ओळखीच्या एकाचं शेड आहे, कुठे ते नाही सांगत. मागे दोन लेथ, पुढे केबिन, केबिनमध्ये एसी आणि हौसेने केलेलं काचेचं शोकेस, त्यात पॉलिश केलेले बुश ओळीने मांडलेले. वीज कंपनीच्या पथकातले साहेब आले, मशीनकडे बघितलंच नाही, शोकेसवरून बोट फिरवलं आणि गोड आवाजात विचारलं, "इथून विक्री पण होते का?" आमचा गडी छाती फुगवून, "हो साहेब, देवाच्या कृपेने चांगली होते!" झालं. त्या एका वाक्यात उद्योग संपला आणि दुकान सुरू झालं.

मग येतं त्याच वीज कायद्याचं कलम १२६, म्हणजे एका कामासाठी घेतलेली वीज दुसऱ्याच कामाला वापरली म्हणून बिल. दर दुप्पट, आणि कधीपासून ते कळत नसेल तर मागचे १२ महिने धरायचे. अपील करता येतं हो, ३० दिवसांत, फक्त आधी निम्मी रक्कम भरून. आणि भरायचं राहिलंच तर वर्षाला १६ टक्के व्याज, तेही दर सहा महिन्यांनी चक्रवाढ. एफडीला असा रेट मिळाला असता तर माणूस शेड कशाला घेईल? तेव्हा कुणी विक्रीचं विचारलं की चेहरा पाडून सांगायचं, "कसली विक्री साहेब, मंदी आहे."

चूक वीज कंपनीची असेल तर जास्तच सांभाळा. त्यांच्या क्लार्कने टॅरिफचा कोड चुकीचा टाकला, तुम्ही वर्षानुवर्षं आलेलं बिल इमानदारीत भरलं, आणि एक दिवस फरकाचं बिल आलं. जुनी बाकी मागायला कायद्यात दोन वर्षांची मुदत आहे म्हणून उड्या मारू नका. अजमेरच्या वीज कंपनीच्या अशाच केसमध्ये सुप्रीम कोर्टाने २०२० ला सांगितलं की दोन वर्षांनंतरही फरक मागता येतो, त्यासाठी लाईट मात्र तोडता येणार नाही. म्हणजे निदान उजेडात बसून नोटीस वाचता येते.

दाद मागायला वीज ग्राहकांचा तक्रार मंच नाशकातच आहे, तिथे नाही जमलं तर विजेचे लोकपाल मुंबईला. पंचवटी एक्सप्रेसचा पास काढून ठेवा. दर ठरवणाऱ्या वीज आयोगाच्या ऑर्डरवर अपील असेल तर ते दिल्लीला, त्याचं बजेट मशीनच्या लोनमध्येच धरा.

पिंपळगावकडे कोल्ड स्टोरेज टाकणार असाल तर थोडं तत्त्वज्ञान वाचून या. शेतमालाच्या कोल्ड स्टोरेजला शेतीतला दर आणि बाकीच्यांना उद्योगाचा, कॉम्प्रेसर तोच, गारवा तोच. त्यामुळे बेदाणा दाराजवळ ठेवा आणि आईस्क्रीम पार मागे.

आणि भट्टीवाल्यांनो, तुमचं तर काय सांगू. रात्री १० ते सकाळी ६ युनिटमागे दीड रुपया सूट म्हणून इतकी वर्षं अख्खी शिफ्ट घुबडासारखी जागवली, आणि २०२५ च्या नव्या दरात ती सूट उठून दिवसा ९ ते ५ ला जाऊन बसली, सोलर वाढलं ना आता. सातपूरचा एक फाउंड्रीवाला मित्र त्याच संध्याकाळी घरी जाऊन म्हणाला, उद्यापासून मी रात्री घरीच. बायकोने पोळ्या लाटता लाटता वर न बघता विचारलं, "रोज?"