व्हर्सायच्या तहाने हिटलर घडवला का? एका लोकप्रिय समजुतीचा प्रतिवाद

पहिल्या महायुद्धाविषयीचा एक मजकूर समाजमाध्यमांवर सतत फिरत असतो. त्याचा आशय थोडक्यात असा: 1919 चा व्हर्सायचा तह हा इतिहासातील सर्वांत कठोर तह होता, 132 अब्ज सुवर्णमार्कांच्या नुकसानभरपाईने जर्मनी भिकेला लागला, त्यातून 1923 ची महागाई आली आणि महागाईतून हिटलर आला, आणि फ्रान्सचे मार्शल फॉश यांनी हे सारे आधीच ओळखले होते. यातले एकही विधान नीट तपासल्यावर टिकत नाही. ते तपासणे मला अगत्याचे वाटते, कारण आक्रमकाला जाब विचारला की तो पुन्हा युद्धच पुकारतो, असा निष्कर्ष या मजकुराच्या आधारे सर्रास काढला जातो.

‘सर्वांत कठोर तह’ हे विधान खोडून काढायला फार लांब जावे लागत नाही. मार्च 1918 मध्ये, म्हणजे व्हर्सायच्या अवघे पंधरा महिने आधी, खुद्द जर्मनीने ब्रेस्ट-लिटोव्हस्क येथे रशियावर जो तह लादला, त्यात रशियाला पोलंड, युक्रेन, फिनलंड आणि बाल्टिक प्रदेश सोडावे लागले आणि साम्राज्याची जवळजवळ एक-तृतीयांश लोकसंख्या त्याच्या हातून गेली. व्हर्सायमध्ये जर्मनीने आपल्या युरोपातील भूभागापैकी सुमारे 13 टक्के आणि आपली 10 टक्के लोकसंख्या गमावली. त्यातही आल्सास-लोरेन हा 1871 मध्ये फ्रान्सकडून जिंकून घेतलेला प्रदेश होता, तर पूर्वेकडील बऱ्याच जिल्ह्यांत पोलिश भाषकांची बहुसंख्या होती. सैन्य एक लाखापुरते मर्यादित झाले, हवाई दल आणि पाणबुड्या यांवर बंदी आली, हे खरे. परंतु एक राष्ट्र म्हणून देश टिकून राहिला आणि त्याचे कारखानेही बहुतांशी शाबूत राहिले.

भरपाईच्या आकड्याकडे मात्र सावकाश पाहायला हवे, कारण सगळी दिशाभूल तिथेच होते. 132 अब्ज हा आकडा तहात नाहीच. तो मे 1921 मध्ये लंडन येथे ठरला. ही रक्कम ‘अ’, ‘ब’ आणि ‘क’ अशा तीन प्रकारच्या रोख्यांत विभागलेली होती. ‘अ’ रोखे 12 अब्जांचे, ‘ब’ 38 अब्जांचे आणि उरलेले 82 अब्ज ‘क’ रोख्यांचे. हे ‘क’ रोखे जर्मनीची आर्थिक कुवत सिद्ध झाल्यावरच काढायचे होते, म्हणजे व्यवहारात कधीच नाही, हे ठरवणाऱ्यांनाही ठाऊक होते. एवढा मोठा आकडा जाहीर करण्यामागे फ्रान्स आणि ब्रिटनमधील संतप्त मतदारांचे समाधान करणे हा हेतू होता. खरी मागणी 50 अब्जांची होती. त्यापैकी 1932 पर्यंत साधारण 20 अब्ज फेडले गेले आणि त्यातला मोठा भाग रोख रकमेऐवजी कोळसा, लाकूड, जहाजे आणि सरकारी मालमत्ता अशा स्वरूपात होता. भरपाईचे हप्ते जर्मनीला झेपतील असे बांधून देणाऱ्या 1924 च्या डॉज योजनेनंतर अमेरिकेतून जर्मनीत इतकी कर्जे आली की भरपाईपोटी बाहेर गेलेल्या पैशापेक्षा ती अधिक भरली, आणि पुढे त्यांतली बरीचशी बुडाली. ‘जर्मनी 2010 पर्यंत भरपाई फेडत होता’ हे आणखी एक आवडते वाक्य आहे. 3 ऑक्टोबर 2010 रोजी चुकता झालेला हप्ता भरपाईचा नव्हता; विसाच्या आणि तिसाच्या दशकांतील कर्जरोख्यांवरील थकीत व्याजाचा होता, आणि ते व्याज 1953 च्या लंडन कराराने जर्मनीचे एकीकरण होईपर्यंत पुढे ढकललेले होते.

1923 च्या महागाईची मुळे युद्धकाळातच आहेत. जर्मन सरकारने युद्धाचा खर्च करांतून न भागवता मुख्यतः कर्जातून भागवला. जानेवारी 1923 मध्ये भरपाई थकल्याचे कारण देऊन फ्रान्स आणि बेल्जियमने जर्मनीचे औद्योगिक रूर खोरे व्यापले, तेव्हा त्याच्या निषेधार्थ संपावर गेलेल्या कामगारांचे पगार सरकारने नोटा छापून दिले आणि नोव्हेंबरपर्यंत एका डॉलरला 4.2 लाख कोटी मार्क मोजावे लागले. भरपाईच्या वादाने या आगीत तेल ओतले हे मान्यच करायला हवे, परंतु नवे चलन येताच काही आठवड्यांत महागाई आटोक्यात आली आणि तेव्हा तह जसाच्या तसा लागू होता.

मतांचे आकडे तर याहून स्पष्ट बोलतात. महागाईच्या ताज्या जखमा असताना, मे 1924 मध्ये, नाझी समर्थकांच्या यादीला 6.5 टक्के मते मिळाली. डिसेंबरमध्ये ती 3 टक्क्यांवर आली आणि 1928 मध्ये 2.6 टक्क्यांवर घसरली. दरम्यान जर्मनीचे परराष्ट्रमंत्री श्ट्रेसेमान आणि फ्रान्सचे परराष्ट्रमंत्री ब्रियां यांनी जर्मनीची पश्चिम सीमा मान्य करणारा लोकार्नोचा करार घडवून आणला होता आणि 1926 मध्ये जर्मनी राष्ट्रसंघाचा सदस्य झाला होता. नाझी पक्ष 18.3 टक्क्यांवर गेला तो सप्टेंबर 1930 मध्ये, जागतिक मंदी सुरू झाल्यावर. आणि जुलै 1932 मध्ये 37 टक्क्यांवर गेला तेव्हा बेकारांची संख्या साठ लाखांच्या घरात होती, तर चॅन्सेलर ब्र्यूनिंग यांच्या सरकारच्या खर्चकपातीने लोकांचे कंबरडे मोडलेले होते. तहाविषयीचा राग हिटलरने पुरेपूर वापरला, यात शंका नाही. पण तो राग जर्मनीतील बहुतेक सर्व पक्षांना होता, समाजवादी लोकशाहीवाद्यांनाही होता. मग मतदार नेमके 1930 मध्येच नाझींकडे का वळले, याचे उत्तर त्या रागातून मिळत नाही. शिवाय भरपाई 1932 च्या लोझान परिषदेत जवळपास रद्दच झाली होती. हिटलर चॅन्सेलर झाला तो त्यानंतर, जानेवारी 1933 मध्ये.

‘ही शांतता नव्हे, वीस वर्षांची शस्त्रसंधी आहे’ हे फॉश यांच्या नावावर सांगितले जाणारे वाक्य तर चक्क उलट अर्थाने वापरले जाते. फॉश यांचा आक्षेप तह फार सौम्य आहे असा होता. फ्रान्सची लष्करी सीमा ऱ्हाईन नदीवर असावी, असा त्यांचा आग्रह होता. फ्रान्सचे पंतप्रधान क्लेमांसो यांनी तो आग्रह सोडला, कारण त्या बदल्यात जर्मनीने पुन्हा हल्ला केल्यास मदतीला येण्याची हमी ब्रिटन आणि अमेरिकेने दिली होती. अमेरिकेच्या सिनेटने नोव्हेंबर 1919 आणि मार्च 1920 मध्ये तह नाकारला, हमीचा करार मतदानालाही आला नाही, आणि अमेरिकेच्या संमतीवर अवलंबून असलेली ब्रिटनची हमीही आपोआप बारगळली.

व्हर्सायमध्ये अन्याय झालाच नाही, असे मी म्हणत नाही. चीनच्या शांदोंग प्रांतातील जर्मन हक्क जपानला दिले गेले, म्हणून चीनने सही केली नाही. काँग्रेसने शांतता परिषदेसाठी प्रतिनिधी म्हणून निवडलेल्या लोकमान्य टिळकांना पॅरिसला जाऊ दिले गेले नाही. त्यांना लंडनहून क्लेमांसो यांना पत्र पाठवण्यावर समाधान मानावे लागले आणि भारताच्या नावाने सह्या केल्या त्या भारतमंत्री माँटेग्यू आणि बिकानेरच्या महाराजांनी. स्वयंनिर्णयाचे तत्त्व कोणासाठी होते आणि कोणासाठी नव्हते, हे त्यावरून दिसते. फिरत्या मजकुरात या अन्यायांना जागा नसते.

कठोरपणामुळेच युद्ध होते असे असते, तर 1945 नंतर ते नक्की व्हायला हवे होते. त्या वेळी जर्मनीचे चार तुकडे करून तो देश व्यापला गेला, ओडर आणि नायसे नद्यांच्या पूर्वेचा सारा मुलूख गेला, एक कोटीहून अधिक जर्मनांना आपली घरे सोडावी लागली आणि नेत्यांवर न्यूर्नबर्गमध्ये खटले चालले. तरीही युद्ध झाले नाही; फरक होता तो तह टिकवण्याच्या तयारीत. 7 मार्च 1936 रोजी हिटलरने व्हर्सायच्या तहाने निर्लष्करी ठरवलेल्या ऱ्हाईनलँडमध्ये सैन्य घातले तेव्हा ब्रिटनच्या साथीशिवाय फ्रान्सने पाऊल उचलले नव्हते. 1945 नंतर मात्र अमेरिकेचे सैन्य जर्मनीत तळ ठोकून राहिले, युरोपच्या उभारणीसाठीच्या अमेरिकेच्या मार्शल योजनेचा पैसा पश्चिम जर्मनीपर्यंत पोहोचला, आणि क्लेमांसो यांना न मिळालेली हमी फ्रान्सला 1949 मध्ये नाटोच्या करारातून मिळाली.