निरुपद्रवी उपरोध लिहिण्याची सोपी पद्धत

एका दिवाळी अंकाकडे पाठवलेला उपरोधिक लेख परवा परत आला. समासात लाल शाईने शेरा: 'लेखक खरोखरच असे म्हणत आहे काय? असल्यास धक्कादायक. नसल्यास तळटीप द्यावी.' चूक संपादकांची नाही. उपरोध कसा लिहावा हेच आपल्याकडे कुणी धड शिकवलेलं नाही. तेव्हा होतकरू लेखकांनी पुढच्या सूचना जपून ठेवाव्यात.

शीर्षकाखाली 'उपरोधिक लेख' असं ठळक छापून घ्या. इंजेक्शनआधी नर्स 'थोडं टोचेल हं' म्हणते ना, तसं. वाचकाला अंग चोरून बसायला वेळ मिळतो.

विशेषणं सढळ हाताने वापरा. 'आपले थोर नगरसेवक', 'कर्तव्यदक्ष अधिकारी'. ती अवतरणचिन्हांत घाला, पुढे तीन उद्गारचिन्हं द्या आणि वर एक डोळा मारणारा इमोजी. अल्कांतेर द ब्राम नावाच्या फ्रेंच कवीने १८९९ साली उपरोधासाठी उलट्या प्रश्नचिन्हासारखं एक वेगळंच विरामचिन्ह सुचवलं होतं. लोकांनी ते उचललं नाही. बिचारा मोबाइलच्या काळात हवा होता.

विडंबन करायचं असेल तर मूळ कविता वाचू नका. यमक जुळलं की झालं.

आकडे तर अजिबात नकोत. 'गलिव्हर'वाल्या जोनाथन स्विफ्टने १७२९ साली आयर्लंडच्या दारिद्र्यावर उपाय सुचवला की, गरिबांनी आपली वर्षभराची मुलं श्रीमंतांना खायला विकावीत. इथपर्यंत चाललं असतं. पण या गृहस्थाने हिशोबही मांडला. मुलं १,२०,०००. त्यातली २०,००० पैदाशीसाठी राखायची, चार माद्यांमागे एक नर पुरतो. उरलेली १,००,००० विक्रीला. जन्मतः वजन १२ पौंड, नीट पोसलं तर वर्षात २८. कुठे आवाज चढत नाही, कुठे 'अरेरे' नाही. कारण बोलणारा स्विफ्ट नाहीच. बोलतोय तो हिशोबात मुरलेला, देशाचं भलं चिंतणारा एक सज्जन, आणि आपण काय बोलतोय हे त्याला कळत नाही. वाचकाच्या अंगावर काटा येतो तो त्या पौंडांनी. पुढे 'दुसरे उपाय मला सांगू नका' म्हणत तो जे झटकून टाकतो, म्हणजे परदेशात राहणाऱ्या जमीनदारांवर कर लावा, देशी मालच वापरा, ते स्विफ्टचे खरे उपाय. इतकी मेहनत कोण करणार? तुम्ही 'गरिबांची ही कसली क्रूर थट्टा!' असं लिहा आणि चहा घ्यायला उठा.

आता सगळ्यांत महत्त्वाचं, तळटीप. 'हलकेच घ्या, कोणाच्याही भावना दुखावण्याचा हेतू नाही.' ही नसेल तर लेख छापायलाच नको. समजा तुम्ही लिहिलं, 'महापालिकेने यंदा पावसाळ्यात मणक्याची मोफत तपासणी सुरू केली आहे. त्यासाठी रुग्णालयात जावं लागत नाही, स्कूटरवरून चौकापर्यंत गेलं तरी पुरतं.' आता हे वाचून कुणी तपासणीच्या रांगेत जाऊन उभं राहिलं तर? म्हणून खाली स्पष्ट करा: 'लेखकाला रस्त्यावरील खड्ड्यांकडे लक्ष वेधायचे आहे. लेखकाला महापालिकेबद्दल नितांत आदर आहे.' बघा, कसं गुळगुळीत झालं. रस्ता नाही झाला, पण वाक्य झालं.

संस्कृत काव्यशास्त्रकार मम्मटाला हे सुचलं नाही. अकराव्या शतकात काश्मीरमध्ये बसून 'काव्यप्रकाश' लिहिताना त्याने एक श्लोक उदाहरणाला घेतला. ज्याने घात केला त्यालाच कुणी म्हणतोय: फार उपकार केलेस, काय सांगावं! सौजन्य म्हणजे काय ते दाखवून दिलंस. मित्रा, नेहमी असाच वाग आणि सुखाने शंभर वर्षं जग. मम्मट म्हणतो, इथे वाच्यार्थ, म्हणजे शब्दांचा सरळ अर्थ, पार झिडकारला जातो. कसा, ते बघा. घात झालाय हे ऐकणाऱ्याला ठाऊक असतं. त्यामुळे 'उपकार' हा शब्द त्याच्या मनात बसत नाही, अडतो. अडला की उलटा फिरतो. फिरताना जो चटका बसतो, त्यासाठी सगळा खटाटोप. ही उलटापालट वाचकाच्या डोक्यातच व्हायला लागते. लेखकाने ती करून ताटात वाढली की उरते फक्त तक्रार. तळटीप नेमकं हेच करते. हे संपादकांच्या टेबलावर कुणी सांगितलंच नाही का?

आणि नाथांचं भारूड? सून भवानीआईला रोडगा कबूल करते आणि मागते काय? सासरा गावाला गेलाय, त्याला तिकडेच खपव. सासूला लवकर निर्दाळ. जाऊ बोडकी होऊ दे, नणंदेच्या पोराला खरूज होऊ दे. शेवटी नवऱ्यालाही सोडत नाही. चारशे वर्षं हे चाललंय. सासवा पुढे बसून हसतात, कुणी पोलिसांत जात नाही. हे सासर म्हणजे प्रपंच, ही माणसं म्हणजे मनाचे विकार, आणि तरी खऱ्या सासरचा जाचही यात आहे, हे दोन्ही एकदम अक्षरओळख नसलेल्या बायांना कळत होतं. मराठी घेऊन एम.ए. झालेल्याला कळत नाही? तळटीप लागते?

पुरे झाल्या सूचना. सरळच सांगते.

गैरसमज व्हायचेच. 'रॉबिन्सन क्रूसो'वाल्या डॅनियल डिफोने १७०२ साली कडव्या धर्माभिमान्यांचाच सूर लावून एक पत्रक काढलं. त्यांना आधी ते खरंच वाटलं, मग कळल्यावर संतापले. पुढच्या वर्षी लंडनमध्ये डिफोला तीन दिवस भर चौकात मान-हात अडकवून उभं केलं. हा धोका लेखकाचा असतो, तो घ्यायला आम्ही तयार आहोत. संपादकांनी तपासायचं ते वेगळंच. सुरुवातीच्या दोन-तीन परिच्छेदांत, शुद्धीवरचा माणूस गंभीरपणे म्हणणार नाही असं एक तरी वाक्य आहे का? नसेल तर लेख खुशाल परत करा, चूक लेखकाची. असेल तर छापा, आणि वाचकाला बावळट समजणं बंद करा.

लेखकांनो, तुम्ही हसू नका. घरकामाच्या बाईंच्या दांड्या, गावाकडच्या पाहुण्याची बोली, बायकोची खरेदी यांवर हजार शब्द पाडायचे आणि कुणी हटकलं की 'अहो, उपरोध होता तो' म्हणून हात झटकायचे, याची लाज वाटू द्या. त्या बाई तुमच्या लेखाला उत्तर लिहू शकणार नाहीत हे माहीत आहे म्हणूनच तुम्ही शूर आहात. सोसायटीचा पुनर्विकास वर्षानुवर्षं लटकवणारा बिल्डर आहे की, त्याच्यावर लिहा. भीती वाटते? मग व्याजस्तुती, म्हणजे स्तुतीच्या आडून निंदा, शाळेत मार्कांपुरतीच शिकलात का? त्याचं गुळगुळीत माहितीपत्रक घ्या, एकेका आश्वासनापुढे उलटून गेलेली तारीख लिहा आणि आवाज न चढवता तोंडभरून स्तुती करा.