‘ओढायच्या तोफा संपल्या’ या दाव्याला सविस्तर उत्तर

एक मजकूर सध्या फार फिरतोय. सोबत छोटी चित्रफीत असते: झाडीच्या कडेला उभी असलेली तोफ, वरून झेपावणारा ड्रोन, धुराचा लोट. खाली लिहिलेलं असतं की युक्रेनच्या युद्धाने ओढून न्यायच्या हॉवित्झरचा, म्हणजे उंच कोनातून मारा करणाऱ्या तोफेचा, काळ संपवला. जिला स्वतःचं इंजिन नाही ती तोफ म्हणजे बसलेलं सावज, तिचा पल्ला कमी, तिचं तंत्र जुनाट. तिचं काम आता ड्रोन आणि रॉकेट करतील, आणि तरीही अशा तोफा विकत घेणारे देश पैसा पाण्यात घालतायत. जोडीला एका अमेरिकी जनरलचा दाखला.

तोफखान्याबद्दल खरी आस्था असलेली माणसंही हे पुढे पाठवतायत, म्हणून एकेक मुद्दा घेऊन लिहितोय. या युद्धात मोडीत निघाली ती तोफ वापरण्याची एक पद्धत: सहा तोफा उघड्यावर एका रांगेत, मागे ट्रक, शेजारी दारूगोळ्याचे ढीग आणि मुक्काम तासन्‌तास एकाच जागी. ही पद्धत गेली, आणि स्वचालित, म्हणजे स्वतःच्या इंजिनावर चालणाऱ्या, तोफांसाठीही गेली. तोफ मात्र राहिली आहे आणि का राहिली आहे याची कारणं ठोस आहेत.

‘इंजिन नाही, म्हणून पळता येत नाही, म्हणून मरते’

सगळ्यात वजनदार मुद्दा हाच आहे आणि त्यात तथ्य आहे. अमेरिकी लष्कराच्या एम777 या ओढायच्या तोफेचंच उदाहरण घेऊ. ही तोफ नळीच्या टोकाला आकडा लावून ओढली जाते. ठिकाणावर पोचलं की आकडा सोडायचा, तोफ जमिनीवर टेकवायची, चाकं वर घ्यायची, मागचे दोन्ही ट्रेल, म्हणजे टेकू देणारे पाय, जागेवर आणायचे. ट्रेलच्या टोकाचे स्पेड (फावड्यासारखी पाती) मातीत नीट रुतले पाहिजेत, नाहीतर पहिल्याच धक्क्याला तोफ मागे सरकते आणि धरलेला नेम जातो. मग 43 ते 47 किलोचा गोळा उचलून नळीत ठासायचा, त्यामागे चार्ज (गोळा ढकलणारी दारू), ब्रीच (नळीचं मागचं झाकण) बंद, प्रायमर (दारू पेटवणारा छोटा भाग), आणि बाजूला उभं राहून दोरी ओढायची. तरबेज तुकडीला हे सगळं करायला तीनेक मिनिटं लागतात. गाशा गुंडाळायलाही साधारण तेवढीच.

आता समोरच्या बाजूने बघा. शत्रूचं रडार गोळा हवेत असतानाच त्याचा मार्ग टिपतं आणि उलट गणित मांडून तो कुठून सुटला ते सांगतं. ती माहिती शत्रूच्या तोफेपर्यंत पोचायची, तिने नेम धरायचा, आणि वीसेक किलोमीटरवरून सुटलेल्या गोळ्याला इथे यायला साधारण मिनिटभर लागतं. म्हणजे मारा करणाऱ्याच्या हातात मोजकी मिनिटं असतात. स्वीडनची स्वचालित तोफ आर्चर थांबल्यापासून अर्ध्या मिनिटात पहिला गोळा सोडते आणि तितक्याच चपळाईने निघून जाते. या शर्यतीत ओढायची तोफ मागे पडते. हे मान्य न करता पुढे बोलण्यात अर्थ नाही.

पण शर्यत आता एवढीच उरलेली नाही. रडारच्या जोडीला आकाशात दिवसभर घिरट्या घालणारे डोळे आले आहेत, आणि त्या डोळ्यांना सगळ्यात आधी दिसतं ते हलणारं वाहन. धूळ उडते, चाकांच्या किंवा साखळ्यांच्या खुणा उमटतात, तापलेलं इंजिन उष्णतेच्या कॅमेऱ्यात उठून दिसतं. पंचेचाळीस-पन्नास टनांची स्वचालित तोफ झाडीत लपवणं सोपं काम नाही. तिच्या पोटात इंधन असतं, बऱ्याचदा दारूगोळाही. लॅन्सेटसारखा रशियन हल्लेखोर ड्रोन नेमका तिथे लागला तर तोफ आणि माणसं एकदमच जातात.

ओढायची तोफ खड्ड्यात उतरवता येते. वर जाळी, फांद्या, दोन्ही बाजूंना मातीचे बांध. ओढणारा ट्रक लांब कुठेतरी दुसऱ्याच झाडीत. गोळे थोडे थोडे वेगवेगळ्या खड्ड्यांत. मारा नसताना माणसं जमिनीखालच्या खोदलेल्या जागेत. ड्रोन आदळलाच तर टायर फाटतात, हायड्रॉलिकच्या नळ्या तुटतात, दुर्बीण जाते. पण नळी आणि ब्रीच हे घडीव पोलाद आहे. तोफ मागे ओढून नेतात, भाग बदलतात आणि ती पुन्हा जागेवर येते. म्हणून ‘ड्रोन लागला’ आणि ‘तोफ गेली’ यांत फरक करायला हवा. त्या चित्रफितीत तो दिसत नाही, कारण ती धुरापाशीच संपते.

जमिनीत दडलेली तोफ किती जड जाते याचा धडा 1954 चा आहे. व्हिएतनाममधल्या दिएन बिएन फू इथे फ्रेंचांशी लढणाऱ्या व्हिएतमिन्हने 105 मिमीच्या हॉवित्झर माणसांच्या बळावर डोंगरांवर ओढून नेल्या आणि उतारांत खोदलेल्या बोगद्यांसारख्या जागांत बसवल्या. फ्रेंच तोफखान्याचे प्रमुख शार्ल पिरोत यांना खात्री होती की शत्रूच्या तोफा आपण झटपट गप्प करू. त्या गप्प झाल्या नाहीत. लढाई सुरू झाल्यावर काही दिवसांतच पिरोत यांनी आत्महत्या केली.

‘पल्ला कमी, तंत्र जुनं’

हे सरळ चूक आहे. पल्ला ठरतो तो नळीची लांबी, चार्जच्या खोलीचं आकारमान आणि गोळा यांवर. खाली साखळ्या आहेत की चाकं, याचा त्याच्याशी संबंध नाही. एम777 ची नळी 39 कॅलिबर लांबीची, म्हणजे 155 मिमीच्या 39 पट, साधारण सहा मीटर. अमेरिकेच्या स्वचालित एम109ए6 पॅलाडिनची नळीही 39 कॅलिबरचीच. गोळे तेच आणि पल्लाही जवळपास तोच: साधा गोळा चोवीसेक किलोमीटर, रॉकेटची जोड असलेला तीसेक, जीपीएसने मार्गदर्शित एक्सकॅलिबर गोळा चाळीसच्या आसपास.

लांब नळी हवी असेल तर तीही ओढता येते. डीआरडीओने विकसित केलेली अटॅग्ज ही ओढायचीच तोफ, पण नळी 52 कॅलिबरची, आठ मीटरहून लांब. 2017 मध्ये पोखरणच्या चाचणीत तिने 48 किलोमीटरचा पल्ला गाठला. तिच्यात विजेवर चालणारी यंत्रणा आहे, आणि लहान अंतर स्वतःच्या बळावर सरकण्यासाठी छोटं इंजिनही आहे. ‘इंजिन नाही’ हा आक्षेप तर सत्तरच्या दशकातच अर्धा निकालात निघाला होता. एफएच70 आणि बोफोर्सची एफएच77 या दोन्ही ओढायच्या तोफांना असं सहायक इंजिन होतं. आजच्या ओढायच्या तोफेवर डिजिटल फायर कंट्रोल, म्हणजे नेमाचं गणित करणारी यंत्रणा, असतो. तोफेला स्वतःची जागा आणि दिशा कळते, त्यामुळे सहा तोफा सहा ठिकाणी किलोमीटरभर विखरून ठेवल्या तरी त्यांचे गोळे एकाच लक्ष्यावर उतरवता येतात. विखरून राहणं हाच ड्रोनवरचा पहिला उपाय आहे, आणि तो याच जुनाट म्हणवल्या जाणाऱ्या तोफांना जमतो.

अटॅग्जचं एक मात्र सांगितलं पाहिजे: वजन अठरा टनांच्या घरात. इतकी जड तोफ सपाट प्रदेशात शोभते, अरुंद डोंगरी वाटांवर तिचे हाल होतात. ‘ओढायची म्हणजे हलकीच’ असा उलटा गैरसमजही नको.

‘स्वचालित तोफ सगळीकडे जाते, मग ही कशाला?’

सगळीकडे जात नाही. इथे मी थोडा जास्त थांबणार आहे, कारण फिरणाऱ्या मजकुरात या बाजूचा एक शब्दही नाही.

एम777 चं वजन सुमारे 4,200 किलो. टायटॅनियम आणि ॲल्युमिनियमच्या मिश्रधातूंचा सांगाडा असल्यामुळे ती तिच्या आधीच्या एम198 पेक्षा जवळपास तीन टनांनी हलकी झाली. चिनूक हेलिकॉप्टर ती खाली टांगून उचलतं आणि जिथे रस्ता नाही अशा डोंगरधारेवर नेऊन ठेवतं. जर्मनीची स्वचालित तोफ पीझेडएच 2000 पंचावन्न टनांच्या पुढची आहे. तिला पूल हवा, रस्ता हवा, वळायला जागा हवी. सिंगापूरने 5.4 टनांची पेगॅसस बनवली तीही हेलिकॉप्टरने उचलता यावी म्हणूनच. ब्रिटिशांची 105 मिमी लाइट गन तर दोन टनांच्याही खाली आहे. 1982 मध्ये फॉकलंडच्या दलदलीत रस्ते नव्हते. तिथे अशा तीस तोफा आणि त्यांचे गोळे हेलिकॉप्टरने पुढे सरकवत ब्रिटिश पायदळ पोर्ट स्टॅन्लीपर्यंत पोचलं. स्वचालित तोफ त्या चिखलात रुतूनच बसली असती.

डोंगरात आणखी एक गोष्ट लागते, ती म्हणजे उंच कोनातून मारा. डोंगरामागे बसलेल्या शत्रूवर सपाट रेषेतला गोळा पडत नाही. तो वर चढून जवळपास उभा खाली यावा लागतो, आणि हॉवित्झर घडवलीच जाते त्यासाठी. एम777 ची नळी सत्तर अंशांच्याही वर उचलता येते. 1999 मध्ये द्रास आणि टायगर हिलच्या परिसरात बोफोर्सने जे केलं ते याच जातीचं काम होतं, पण एक फरक होता: तिथे काही तोफांनी समोर दिसणाऱ्या मोर्च्यांवर थेट नेम धरूनही मारा केला. त्या उंचीवर हवा विरळ असल्यामुळे गोळे नेहमीपेक्षा लांब गेले. त्या लढाईत वर चढणाऱ्या जवानांच्या पाठीशी उभी होती ती ओढून आणलेली तोफ.

आणि स्वचालित तोफ म्हणजे निर्धोक तोफ, असंही नाही. 2022 च्या उन्हाळ्यात युक्रेनला पीझेडएच 2000 मिळाल्या. अतिशय उत्तम तोफ. पण माऱ्याचा ताण इतका की काही आठवड्यांतच बिघाडाच्या सूचना दिसू लागल्या आणि दुरुस्तीचा प्रश्न उभा राहिला. तोफ, वाहन आणि आपोआप गोळे भरणारं यंत्र एकाच सांगाड्यात असलं की यातलं एक रुसलं तरी सगळंच बंद पडतं. ओढायच्या तोफेत ट्रक बिघडला तर दुसरा ट्रक जोडतात. नळी दोघींचीही झिजते, तिथे कुणालाच सूट नाही.

‘ड्रोन आणि रॉकेट आहेत ना’

आहेत, आणि त्यांनी लढाई बदलली हे कुणी नाकारत नाही. पण धुकं, पाऊस, जोराचा वारा यांत छोटा ड्रोन लंगडतो. रेडिओवर चालणारा असेल तर जॅमिंगने, म्हणजे सिग्नलमध्ये घातलेल्या अडथळ्याने, आंधळा होतो. साध्या गोळ्याला जॅम करायला काहीच नसतं. तो सेकंदाला आठशेहून अधिक मीटर वेगाने नळीतून सुटतो, पोटात कित्येक किलो स्फोटक असतं आणि तो दिवसरात्र त्याच जागी पडत राहतो. हल्ला करणारं पायदळ उघड्यावर असताना समोरच्याला वीस मिनिटं डोकं वर काढू द्यायचं नसेल, तर एकेक ड्रोन पाठवून ते साधत नाही. धुराचा पडदा, रात्री उजेड पाडणारे गोळे, हेही तोफेचंच काम. मार्गदर्शित रॉकेट लांबच्या मोलाच्या लक्ष्यासाठी असतं. एका साध्या गोळ्याच्या तुलनेत ते इतकं महाग आहे की रोजच्या माऱ्याला कुणी वापरत नाही.

जॅमिंगची झळ मार्गदर्शित गोळ्यांनाही बसली. एक्सकॅलिबरची अचूकता रशियन जॅमिंगमुळे ढासळली. हा दोष जीपीएसवर विसंबणाऱ्या गोळ्याचा आहे, तोफेचा नाही. तीच तोफ साधे गोळे टाकत राहिली.

‘खुद्द अमेरिकी जनरलच म्हणाले’

म्हणाले, हे खरं आहे. मार्च 2024 मध्ये अमेरिकी लष्कराच्या फ्यूचर्स कमांडचे प्रमुख जनरल जेम्स रेनी यांनी ओढायच्या तोफांचं भवितव्य उज्ज्वल नाही असं मत मांडलं. ते जबाबदार अधिकारी होते आणि ज्या लष्कराला वेगाने पुढे सरकणाऱ्या चिलखती दलांसोबत तोफा न्यायच्या आहेत, त्याच्यासाठी ते मत रास्त आहे. अशा दलामागे ट्रकने तोफ ओढत धावणं खरोखरच जमणार नाही. पण त्याच वर्षी जानेवारीत एम777 च्या मुख्य सांगाड्याचे भाग पुन्हा बनवायला सुरुवात करण्यासाठी बीएई सिस्टिम्स या कंपनीला अमेरिकी कंत्राट मिळालं होतं. ही बातमी त्या मजकुरासोबत कुणी जोडत नाही.

‘विकत घेणारे पैसा वाया घालवतायत’

मार्च 2025 मध्ये भारताने अटॅग्जच्या 307 तोफांचे करार केले, त्या ओढणाऱ्या गाड्यांसह सुमारे 6,900 कोटी रुपयांचे. या आकड्यावरून टीका करायची तर ती अशी करावी: इतक्या तोफांसाठी खोदकामाची यंत्रं किती, जाळ्या कोणत्या, ड्रोन पाडणारी साधनं प्रत्येक बॅटरीला (तोफांच्या तुकडीला) आहेत का, नळ्यांचा साठा किती. ओढायच्या तोफेला माणसं जास्त लागतात आणि ती उघड्यावर काम करतात. त्यांच्या डोक्यावर चिलखत नसतं. तिचा खरा उणेपणा हा आहे आणि मला सगळ्यात जास्त काळजी त्याचीच वाटते.

युक्रेनचं सांगायचं राहिलं, कारण सगळा दावा त्याच्याच नावावर उभा आहे. त्या देशाने स्वतःची 155 मिमीची तोफ बनवली, बोहदाना. मुळात ती ट्रकवर बसवलेली. ड्रोनचा सगळ्यात जास्त मार खाल्ल्यानंतर, युद्धाच्या तिसऱ्या वर्षात, तिथल्याच कारखानदारांनी तीच तोफ ट्रकवरून उतरवून चाकांवर घेतली, तिची ओढायची आवृत्ती तयार केली आणि आघाडीवरच्या तोफचींच्या हाती दिली.