फाल्गुनराव घोडबंदर रोडवर

संगीत नाटक टीव्हीसाठी 'जरा छोटं' करून द्यायचं काम कुणी गळ्यात मारलं, तर आधी रक्तदाब तपासून घ्या. माझ्या वाट्याला थेट देवलांचं 'संशयकल्लोळ' आलं. गणपतीतला तासाभराचा विशेष भाग. जाहिराती वजा जाता पाऊण तास. ठाण्यात गडकरी रंगायतनला तेवढ्यात लोक जेमतेम खुर्चीत स्थिरावतात.

घोडबंदर रोडवरच्या सेटवर मीटिंग झाली. चॅनेलकडून आलेल्या मुलीने (हुशार होती, उगाच नावं ठेवणार नाही) पहिल्याच फटक्यात फाल्गुनरावांच्या बायकोबद्दल विचारलं, "सर, कृत्तिका निगेटिव्ह आहे का?"

"नाही हो, संशयी आहे."

"म्हणजे ग्रे."

मग तसबिरीवर गाडी आली. "हल्ली तसबीर कोण बाळगतं? हिरो आश्विनशेठचा फोटो हिरॉईन रेवतीच्या मोबाईलमध्येच असू दे ना." मी समजावलं, रेवतीला रस्त्यात भोवळ येते, फाल्गुनराव तिला सावरतात आणि नेमकं तेच कृत्तिका बघते. तसबीर तिथेच पडते, ती कृत्तिकेच्या हाती लागते, आणि आता बघायची पाळी फाल्गुनरावांची. मोबाईल पडला तर तो लॉक असणार. कृत्तिका काय बेशुद्ध बाईचा अंगठा लावत बसणार?

ती खरोखर विचारात पडली. "फेस अनलॉक?"

"रेवतीचे डोळे मिटलेले आहेत."

फ्रेंच नाटककार मोलिएरचं १६६० चं प्रहसन, त्यावरून मर्फीचं इंग्रजी नाटक, त्यावरून १८९३ मध्ये देवलांचा गद्य 'फाल्गुनराव', आणि १९१६ मध्ये त्याचंच पदांसकट 'संशयकल्लोळ'. एवढ्या हातांतून तसबीर सुखरूप आली होती. घोडबंदरला फुटता फुटता वाचली.

पदांचं काही खरं नव्हतं. दोनच ठेवायची, तीही नव्वद सेकंदांची. 'कर हा करी' सुरू झालं, आश्विनशेठने डोळे मिटून आलाप घेतला आणि बाहेर एक कंटेनर मागे घ्यायला लागला. पीं... पीं... साऊंडवाल्याने हात वर केला. ऑर्गनवाले काका मात्र कान देऊन ऐकत होते. म्हणाले, "काळी चार. आपल्याच सुरात आहे, राहू दे."

शेवटचा प्रवेश, सगळ्यांचे संशय फिटतात तो, मी जिवापाड जपून लिहिला आणि पाठवला. रात्री उत्तर आलं: "मस्त, सर! फक्त संशय इतक्यात मिटवू नका, रिस्पॉन्स आला तर डेली करू. आणि नोकर भादव्याला जुळा भाऊ चालेल का?"