जॉर्डन नव्हता म्हणून? ह्यूस्टनच्या दोन किताबांची बाजू

जून महिन्यात एनबीएची, म्हणजे अमेरिकेतल्या व्यावसायिक बास्केटबॉल लीगची, फायनल रंगात आली की एक जुना मजकूर हमखास पुन्हा फिरायला लागतो. त्याचा सारांश असा: मायकेल जॉर्डन मध्येच बेसबॉल खेळायला गेला नसता, तर शिकागो बुल्सनी १९९१ ते १९९८ असे सलग आठ किताब जिंकले असते. १९९४ आणि १९९५चे किताब ह्यूस्टन रॉकेट्सना मोकळ्या मैदानात मिळाले, म्हणून त्यांच्यापुढे तारांकन, म्हणजे शंकेची खूण, हवं. पुरावा म्हणून सोबत चार-पाच मुद्दे असतात, आणि खाली ‘अगदी खरं’ म्हणणाऱ्यांची रांग.

जॉर्डन त्या दशकातला सर्वोत्तम खेळाडू होता, याबद्दल वाद नाही. पण त्याचं मोठेपण सांगण्यासाठी दुसऱ्याच्या कपाटातल्या ट्रॉफ्या काढून घ्यायची गरज नाही. मुद्दे एकेक करून पाहू.

‘दोन्ही वर्षं जॉर्डन नव्हता.’

हा दावा तारखेवरच अर्धा कोसळतो. जॉर्डनने ६ ऑक्टोबर १९९३ला निवृत्ती जाहीर केली आणि १९ मार्च १९९५ला इंडियानाविरुद्ध तो पुन्हा कोर्टवर उतरला. म्हणजे १९९५च्या प्लेऑफमध्ये, साखळीनंतरच्या बाद फेऱ्यांत, तो होता. बुल्स दुसऱ्या फेरीत ओरलँडो मॅजिककडून ४-२ असे हरले, तेही जॉर्डन खेळत असताना. याच ओरलँडोला ह्यूस्टनने फायनलमध्ये ४-० असं हरवलं. १९९१पासून १९९८पर्यंत जॉर्डन खेळत असताना बुल्सना प्लेऑफच्या मालिकेत हरवणारा एकच संघ निघाला, आणि त्याला ह्यूस्टनने एकही सामना जिंकू दिला नाही. हे फुकटात मिळालं म्हणायचं असेल तर मग विकत काय मिळतं, ते तरी सांगा.

यावर लगेच उत्तर येतं, ‘तो जॉर्डन खरा जॉर्डन नव्हता, दीड वर्षं खेळ सुटलेला होता.’

यात तथ्य आहे, पण थोडंच. ओरलँडोविरुद्धच्या पहिल्या सामन्यात त्याने २२पैकी ८ शॉट आत टाकले, आठ वेळा चेंडू गमावला आणि शेवटच्या क्षणांत निक अँडरसनने मागून येऊन त्याच्या हातचा चेंडू उडवला. पुढच्याच सामन्यात ४५ नंबरची जर्सी टाकून जुना २३ नंबर घालून तो आला आणि त्याने ३८ गुण केले. परतल्यानंतर आठवडा-दहा दिवसांतच न्यूयॉर्कच्या मॅडिसन स्क्वेअर गार्डनमध्ये त्याने ५५ गुण केले होते. त्या प्लेऑफमधल्या दहा सामन्यांत त्याची सरासरी ३१.५ होती. सवय तुटलेल्या माणसाची ही सरासरी असेल, तर उरलेल्या लीगने काय करायचं?

बुल्स हरले त्याचं मोठं कारण वेगळं होतं. त्याचं नाव होरेस ग्रँट. पहिल्या तीन किताबांत रिबाउंड (हुकलेला चेंडू पकडणं), बचाव आणि अंगमेहनतीची कामं करणारा हा पॉवर फॉरवर्ड १९९४च्या उन्हाळ्यात शिकागो सोडून गेला, आणि गेला तो ओरलँडोलाच. १९९३च्या फायनलच्या शेवटच्या सामन्यात जॉन पॅक्सनला निर्णायक पास देणारा आणि मग केव्हिन जॉन्सनचा अखेरचा शॉट अडवणारा तोच. १९९५च्या मालिकेत बुल्सनी ओरलँडोच्या शकील ओनीलवर दोघं-दोघं घालायचं ठरवलं आणि त्यासाठी ग्रँटला मोकळं सोडलं. ग्रँटने त्या मोकळ्या जागेचं सोनं केलं. सहाव्या सामन्यात शिकागोत बुल्स १०२-९४ असे पुढे होते, तीन-साडेतीन मिनिटं उरली होती. त्यानंतर बुल्सना एकही गुण मिळाला नाही आणि ओरलँडोने १४ गुण केले. सामना संपल्यावर ओरलँडोच्या खेळाडूंनी ग्रँटला खांद्यावर घेतलं. बुल्सची ही जागा भरली ती पुढच्या मोसमाआधी, सॅन अँटोनियोकडून डेनिस रॉडमनला आणून. म्हणजे १९९६चा ७२ विजय, १० पराभव वाला संघ जॉर्डनच्या सरावासोबत रॉडमनमुळेही उभा राहिला. ‘जॉर्डन गेला नसता तर’ म्हणणाऱ्यांनी १९९५च्या संघात रिबाउंड कोण घेणार होतं, तेही सांगायला हवं.

‘जॉर्डन नसताना लीगच कमकुवत झाली होती.’

आपल्याकडे अशा युक्तिवादाला एक जुना दाखला आहे. १९७८-७९मध्ये वेस्ट इंडीजचे बिनीचे खेळाडू केरी पॅकरच्या खासगी क्रिकेट सर्कशीत गेलेले असताना त्यांचा दुय्यम संघ भारतात आला आणि गावसकरांनी त्या मालिकेत ७३२ धावा केल्या. समोर होल्डिंग-रॉबर्ट्स नव्हते, हे तिथे म्हणता येतं. ते आपण म्हणतो आणि तरीही धावा गावसकरांच्याच नावावर ठेवतो. एनबीएत असं काहीच झालं नव्हतं. सत्तावीस संघांपैकी एका संघातला एक माणूस गेला होता. ह्यूस्टनचा हकीम ओलाजुवॉन, डेव्हिड रॉबिन्सन, पॅट्रिक ईविंग, शकील ओनील, चार्ल्स बार्कली, कार्ल मलोन, जॉन स्टॉकटन, गॅरी पेटन, रेजी मिलर हे सगळे जिथल्या तिथे होते. आणि खुद्द बुल्स? १९९२-९३मध्ये जॉर्डनसह ५७ सामने जिंकलेला संघ पुढच्या वर्षी त्याच्याशिवाय ५५ जिंकला. पिपेन, ग्रँट आणि बी. जे. आर्मस्ट्राँग हे तिघं ऑल-स्टार, म्हणजे लीगमधल्या निवडक खेळाडूंच्या, सामन्यात खेळले.

आता १९९५मध्ये ह्यूस्टन कोणाकोणाला हरवून गेलं ते बघा, कारण या मजकुरात ही यादी कधीच नसते. ह्यूस्टन ४७-३५ अशा कामगिरीने पश्चिम विभागात सहाव्या क्रमांकावर होतं. पहिल्या फेरीत ६० सामने जिंकलेला युटा जॅझ, ३-२. मग ५९ जिंकलेला फिनिक्स सन्स, १-३ असे मागे पडून ४-३. सातवा सामना फिनिक्समध्ये, ११५-११४, मारियो एलीच्या कोपऱ्यातल्या तीन गुणांच्या शॉटवर. मग ६२ सामने जिंकून लीगमध्ये पहिला आलेला सॅन अँटोनियो स्पर्स, ४-२. शेवटी ५७ जिंकलेलं ओरलँडो. एकाही मालिकेत घरच्या मैदानाचा फायदा नव्हता. परक्या मैदानांवर नऊ सामने जिंकून त्यांनी ट्रॉफी आणली. इतक्या खालच्या क्रमांकावरून दुसरा कोणताही संघ विजेता झालेला नाही.

सॅन अँटोनियोच्या मालिकेत दुसऱ्या सामन्याआधी रॉबिन्सनला त्या वर्षीच्या सर्वोत्तम खेळाडूची ट्रॉफी देण्यात आली. ओलाजुवॉनसमोरच. त्याने त्या रात्री ४१ गुण केले आणि पूर्ण मालिकेत सरासरी ३५च्या वर ठेवली. रॉबिन्सन हा काही कोणी ऐरागैरा बचावपटू नव्हता. पण डावीकडे खांदा दाखवून उजवीकडे वळायचं, तिथेही नुसतं भासवायचं आणि पुन्हा आत शिरायचं, ही ओलाजुवॉनची पावलं लागोसमध्ये हँडबॉल आणि फुटबॉलचा गोलकीपर म्हणून खेळताना घडली होती. त्याच वर्षी फेब्रुवारीत रोजे पाळून, दिवसभर पाणीही न पिता तो सामने खेळला आणि त्या महिन्याचा सर्वोत्तम खेळाडू ठरला. हे विषयाला सोडून आहे, पण सांगितल्याशिवाय राहवत नाही.

‘१९९४मध्ये तरी जॉर्डन असता तर बुल्सच जिंकले असते.’

त्या मजकुरातला हा सर्वांत दमदार मुद्दा आहे. त्या वर्षी बुल्स न्यूयॉर्क निक्सकडून दुसऱ्या फेरीत ४-३ असे हरले. पाचवा सामना ८७-८६ असा गेला, तोही शेवटच्या क्षणी ह्यू हॉलिन्स या पंचाने पिपेनविरुद्ध दिलेल्या फाऊलवर, ज्याबद्दल शिकागोची माणसं आजही शिव्या घालतात. जॉर्डनसह हा संघ न्यूयॉर्कला हरवून पुढे गेला असता, हे मान्य. पण तिथून पुढे पूर्व विभागाची अंतिम फेरी आणि मग फायनल होती, आणि फायनलमध्ये ह्यूस्टन होतं.

बुल्सनी सहा फायनलमध्ये हरवलेल्या संघांचे सेंटर, म्हणजे बास्केटजवळ खेळणारे उंच खेळाडू, आठवा: व्लादे डिवाच, केव्हिन डकवर्थ, मार्क वेस्ट, एर्विन जॉन्सन आणि दोनदा ग्रेग ऑस्टरटॅग. बरी माणसं, पण एकही त्या दशकाच्या पहिल्या रांगेतला नाही. बुल्सचा बचाव बाहेरच्या बाजूला जबरदस्त होता. जॉर्डन, पिपेन आणि ग्रँट लांब हातांनी पास तोडायचे, चेंडू घेणाऱ्याला कोंडीत पकडायचे. आतली बाजू वय झालेल्या बिल कार्टराइटवर किंवा ल्यूक लाँगलीवर होती. निक्सच्या ईविंगला त्यांनी अनेकदा आवरलं हे खरं, पण निक्सकडे बाहेरून शॉट टाकणारे फार नव्हते. ह्यूस्टनचा साचाच वेगळा होता: आत ओलाजुवॉन, बाहेर चारही बाजूंना केनी स्मिथ, व्हर्नन मॅक्सवेल, रॉबर्ट होरी, एली यांच्यासारखे तीन गुणांचे शॉट टाकणारे. दोघं धावून गेले की चेंडू बाहेर. एकटा सोडला तर तो एकटाच पुरे. १९९४च्या फायनलमध्ये त्याने सरासरी २६.९ गुण केले, ईविंगला १८.९वर ठेवलं. त्या मोसमात लीगचा सर्वोत्तम खेळाडू, सर्वोत्तम बचावपटू आणि फायनलचा सर्वोत्तम खेळाडू हे तिन्ही मान त्याला मिळाले. एकाच मोसमात हे तिन्ही मिळवणारा तो आजवरचा एकटाच.

आणि अंदाजावर कशाला जायचं? बुल्सच्या पहिल्या तीन किताबांच्या मोसमांत, १९९०-९१ ते १९९२-९३, दोन्ही संघ सहा वेळा भिडले. जॉर्डन ऐन भरात होता. सहापैकी पाच सामने ह्यूस्टनने जिंकले. साखळीतले सामने म्हणजे फायनल नव्हे, त्यामुळे ह्यूस्टन नक्की जिंकलं असतं असं मी म्हणणार नाही. पण ‘बुल्स नक्की जिंकले असते’ म्हणणाऱ्याकडे या पाच पराभवांचं उत्तर असायला हवं.

सलग आठचा हिशेबही असाच हवेतला आहे. सलग आठ किताब फक्त बोस्टन सेल्टिक्सने जिंकले, १९५९ ते १९६६, जेव्हा लीगमध्ये आठ-नऊ संघ असत. त्यानंतर सलग चारही कोणाला जमलेले नाहीत. जॉर्डन १९९३च्या उन्हाळ्यापर्यंत तीन फायनल आणि मध्ये बार्सिलोना ऑलिंपिक खेळून चुकला होता, जुलैत त्याच्या वडिलांचा खून झाला आणि खेळात सिद्ध करण्यासारखं काही उरलं नाही असं सांगून तो गेला. ‘तो गेला नसता तर’ या कल्पनेत मात्र ताजातवाना, भुकेला जॉर्डन गृहीत धरलेला असतो. नंतरचे तीन किताब जिंकणारा जॉर्डन त्या विश्रांतीतून आला, हे सोयीने विसरलं जातं.

‘तीन गुणांची रेषा जवळ आणली म्हणून ह्यूस्टनचं फावलं.’ रेषा जवळ आली १९९४-९५ला. ह्यूस्टनने पहिला किताब जुन्या, लांबच्या रेषेवर जिंकला, आणि त्या वर्षी लीगमध्ये सर्वाधिक तीन गुणांचे शॉट त्यांचेच होते. जवळची रेषा १९९६-९७पर्यंत होती. १९९५-९६मध्ये जॉर्डनचे तीन गुणांचे ४२.७ टक्के शॉट आत गेले, ते तिथूनच. मग १९९६ आणि १९९७च्या किताबांवरही तारांकन घालायचं का?

शेवटचा मुद्दा: ‘जॉर्डन पूर्ण मोसम खेळायला लागला आणि ह्यूस्टन गायब झालं.’ १९९५-९६मध्ये बुल्सनी ह्यूस्टनला दोन्ही साखळी सामन्यांत हरवलं, हे खरं. पण प्लेऑफमध्ये ह्यूस्टनला बुल्सनी नव्हे, सिॲटल सुपरसॉनिक्सने ४-० असं बाहेर काढलं. १९९३मध्येही सातव्या सामन्यात, जादा वेळेत, त्यांना सिॲटलनेच घरी पाठवलं होतं. प्रशिक्षक जॉर्ज कार्लचा हा सिॲटलचा संघ ओलाजुवॉनकडे पास पोहोचूच द्यायचा नाही, चारही बाजूंनी घेरायचा, आणि ह्यूस्टनला त्यावर तोड सापडत नसे. ह्यूस्टनचा खरा कर्दनकाळ शिकागो नव्हता, सिॲटल होता.

आता ज्या दोन वर्षांत ह्यूस्टन जिंकलं त्या वर्षी सिॲटल कुठे होतं? १९९४मध्ये ६३ सामने जिंकून पहिल्या क्रमांकावर आलेलं सिॲटल पहिल्याच फेरीत आठव्या क्रमांकाच्या डेन्व्हरकडून २-० अशा आघाडीनंतर ३-२ हरलं. आठव्याने पहिल्याला हरवण्याची एनबीएतली ती पहिलीच वेळ. १९९५मध्ये लेकर्सने त्यांना पुन्हा पहिल्याच फेरीत गुंडाळलं. ह्यूस्टनला नशिबाने हात दिला असेलच तर तो इथे, डिकेंबे मुटोंबोच्या डेन्व्हरमार्फत. जर-तरचा खेळ खेळायचाच असेल तर प्रश्न सिॲटलचा विचारा. त्याचं उत्तर ह्यूस्टनच्या चाहत्यांना खरोखर जड जाईल.