सणाची साडी रोजही नेसता आली पाहिजे

श्रावण जवळ आला की ओळखीतल्या बायकांचा एक प्रश्न ठरलेला असतो. "गौरीला नेसता येईल अशी, पण फार महाग नको, कुठली साडी घेऊ?" मी नोकरीवर रोज साडीच नेसते आणि सणालाही साडीच, म्हणून हा प्रश्न माझ्याकडे येत असावा. फोनवर उत्तर तुकड्या-तुकड्यांत दिलं जातं, म्हणून आज सविस्तर लिहिते.

माझं मत सरळ आहे. परवडणारी साडी हवी असेल तर सणाची वेगळी आणि रोजची वेगळी असे कप्पे करणं आधी थांबवा. जी साडी तुम्ही गौरी जेवणाच्या दिवशी नेसाल आणि पुढच्या आठवड्यात कामावरही नेसाल, ती खरी बजेटमधली. तीन हजारांची साडी दोनदा नेसून कपाटात गेली तर एका नेसण्याचे दीड हजार पडले. सोळाशेची साडी चाळीस वेळा नेसली तर एका वेळेचे चाळीस रुपये. घेताना हा हिशेब कुणी करत नाही, कारण दुकानात डोळ्यांसमोर असतो तो फक्त पदर.

शिवाय साडीची किंमत साडीपुरती नसते. फॉल-पिको, ब्लाऊजची शिलाई, अस्तर, आणि साडी नाजूक असेल तर दरवेळी ड्रायक्लीनिंग. सातशेची साडी घेऊन तिच्यावर तितक्याच पैशांचं ब्लाऊज शिवणाऱ्या कितीतरी जणी मला माहीत आहेत. त्यापेक्षा काळं, मरून आणि मोतिया अशी तीन चांगल्या मापाची ब्लाऊज शिवून ठेवा, जमलं तर एक खणाचं. निम्म्याहून जास्त काठापदराच्या साड्यांवर ती चालतात. साडीतला ब्लाऊजपीस कापलाच पाहिजे असंही नाही. उंच किंवा अंगाने भरलेल्या बाईला तो पाऊण मीटर साडीतच राहू दिला तर निऱ्या छान पडतात.

आता सेमी पैठणीबद्दल. ती आवडणाऱ्यांवर माझा अजिबात राग नाही. यंत्रमागावरची साडी आहे हे ठाऊक असून, रंग आवडला म्हणून घेतली तर त्यात काही गैर नाही. माझा राग आहे तो "प्युअर पैठणी, फक्त तीन हजार" असं सांगून विकणाऱ्यांवर. येवल्याच्या आणि पैठणच्या हातमागावर पदराची नक्षी विणकर रंगीत धागे हाताने एकमेकांत अडकवत विणतो. साध्या पैठणीलाही कित्येक दिवस लागतात, भरलेल्या पदराला महिने जातात. रेशीम, जर आणि एवढ्या दिवसांची मजुरी तीन हजारांत बसेल कशी? 2010 साली पैठणीला भौगोलिक मानांकन मिळालं, म्हणजे हे नाव ठरलेल्या भागातल्या अस्सल मालालाच वापरायचं, तरी फसवणूक थांबलेली नाही. ओळखायचं असेल तर पदर उलटा करा. हातमागाच्या पैठणीत मोर आणि मुनिया, म्हणजे छोटे पोपट, मागूनही जवळपास तितकेच रेखीव दिसतात. यंत्रमागाच्या बहुतेक साड्यांत मागे सुटे धागे लोंबत असतात किंवा कापलेल्या धाग्यांची लव दिसते. हेच धागे पुढे बांगडीत आणि जोडव्यात अडकतात, आणि एक धागा ओढला गेला की साडी चुरगळल्यासारखी दिसायला लागते.

त्याच पैशांत अस्सल हातमागाची साडी मिळते, हे मला ओरडून सांगावंसं वाटतं. माझी पहिली शिफारस कायम इरकल. बागलकोट जिल्ह्यातल्या इळकलची ही साडी आपल्याकडे इतकी रुळली आहे की कर्नाटकातली आहे हे कित्येकांच्या लक्षातही येत नाही. अंग सुती, बारीक चौकडीचं किंवा साधं. काठ ठसठशीत. आणि लाल पदरावर पांढऱ्या रंगातले ते गोपुरासारखे टोकदार आकार. हातमागाची इरकल हातात आली की पदर जिथे अंगाला जोडतो तिथे बोट फिरवून बघा. अंगाचे आणि पदराचे उभे धागे वेगवेगळे असतात. ते एकमेकांत फासे घालून जोडतात, त्याला कोंडी म्हणतात. त्या आडव्या रेषेवर बोटाला बारीकसा खडबडीतपणा लागतो. अख्खी साडी एकाच ताण्यावर, म्हणजे त्याच उभ्या धाग्यांवर, यंत्राने काढली असेल तर ही जोडाची रेघ सापडत नाही. पदर खऱ्या रेशमाचा असेल तर किंमत वर जाते. आर्ट सिल्कच्या पदराची सुती इरकल दीड-दोन हजारांच्या आसपास मिळून जाते. आर्ट सिल्क हा कृत्रिम धागा आहे, रेशीम नाही, एवढं लक्षात असू द्या. नथ आणि गजरा असला की ही साडी गौरीपुढे उठून दिसते, आणि साध्या काळ्या ब्लाऊजवर नेसली की बँकेत, शाळेत, कुठेही शोभते.

दुसरी मंगलगिरी. आंध्रची सुती साडी, अंगावर नक्षी नाही, फक्त जरीचा काठ. उन्हाळ्यात हिला तोड नाही. थोडे जास्त पैसे असतील तर सुती-रेशमी महेश्वरी घ्या. हलकी असते, आणि काठ दोन्ही बाजूंनी सारखा दिसेल असाही प्रकार मिळतो. अहिल्याबाई होळकरांनी महेश्वरात विणकर आणून वसवले, तेव्हापासूनची ही परंपरा. नारायणपेठ तर आपल्या आज्यांच्या पेटीत असायचीच.

दुकानात मात्र लाजू नका. साडी पूर्ण उलगडायला सांगा. वरच्या घडीवरून साडी घेणं म्हणजे नशिबावर सोडणं. सहावारी म्हणजे साधारण साडेपाच मीटर, ब्लाऊजपीस त्याहून वेगळा. स्वस्त साड्यांत ब्लाऊजपीस या साडेपाचातूनच काढलेला असतो आणि मग निऱ्या चारच येतात. पन्हा, म्हणजे साडीची रुंदी, तीही बघा, उंच बाईला आखूड पन्ह्याची साडी घोट्याच्या वर राहते. रंग दिव्याखाली ठरवू नका, दारात उजेडात न्या. ओला रुमाल काठाच्या गडद भागावर घासला की रंग सुटतो का ते लगेच कळतं. सुती साडीचा कोपरा दोन बोटांत चांगला चोळा. खळ भरपूर असेल तर कडकपणा जाऊन कापड जाळीसारखं विरळ दिसायला लागतं. अशी साडी पहिल्या धुण्यानंतर मच्छरदाणीसारखी होते. हातमागाची म्हणून विकत असतील तर अस्सल हातमागाची खूण असलेलं हँडलूम मार्कचं लेबल आहे का विचारा, रेशमाला सिल्क मार्क. घरी शंका आली तर पदराच्या टोकाचा एखादा सुटा धागा जाळून बघता येतो. रेशमाला केस जळल्यासारखा वास येतो आणि राख बोटांत चुरते, सूत कागदासारखं जळतं, पॉलिएस्टर वितळून त्याची कडक गोळी होते.

या गोळीवरूनच एक कळकळीची गोष्ट. सिंथेटिक साडी मी वाईट म्हणत नाही. पावसाळ्यात लोकलने किंवा एसटीने जाणाऱ्या बाईला जॉर्जेटसारखं दुसरं काही नाही, संध्याकाळी धुतली की सकाळी वाळलेली असते, इस्त्रीचा त्रास नाही. पण गॅससमोर, समईजवळ, दिवाळीच्या पणत्या लावताना ती नेसू नका. सुती कापडही पेटतं, पण पॉलिएस्टर वितळून कातडीला चिकटतं आणि जखम खोल होते. सणाच्या दिवशी बाई सगळ्यात जास्त वेळ विस्तवाजवळच असते. त्या दिवशी तरी अंगावर सूत असू द्या आणि पदर खोचलेला असू द्या.

नवरात्राच्या नऊ रंगांसाठी नऊ साड्या विकत घेण्याला माझा स्पष्ट विरोध आहे. रंगांची मजा मलाही आवडते, सगळ्या जणी एका रंगात आल्या की ऑफिस खुलून दिसतं. पण त्यासाठी चारशे-पाचशेच्या साड्यांचा ढीग करायची गरज नाही. नणंद, जाऊ, शेजारीण, मैत्रीण यांच्या कपाटात तो रंग असतोच. आपल्याकडे नव्या साडीची घडी मोडायला दुसरीला देण्याइतका मोकळेपणा पूर्वीपासून होता, मग नेसलेली साडी एका दिवसासाठी मागायला संकोच कशाला?

घरी आणल्यावरचं थोडक्यात. सुती फॉल लावण्याआधी पाण्यात भिजवून वाळवून घ्या, नाहीतर पहिल्या धुण्यात तो आटतो आणि काठ गोळा होतो. गडद सुती साडी पहिल्यांदा मिठाच्या गार पाण्यात एकटीच भिजवा. जरीवर थेट अत्तर मारू नका, घडी दर काही महिन्यांनी बदला.

आणि राहिला आहेर. लग्नसराईत सगळ्यात स्वस्त साडी आपण दुसऱ्यासाठी घेतो. ती साडी पुढच्या लग्नात तिसरीकडे जाते, तिथून चौथीकडे, आणि ती कुणीच नेसत नाही. ती विणणाऱ्याचे कष्ट, घेणाऱ्याचे पैसे, सगळं पिशवीतच फिरत राहतं. 2019-20 च्या हातमाग गणनेत देशात सुमारे 35 लाख माणसं या कामात दिसली, त्यात बायकांचं प्रमाण मोठं. आहेराचे पैसे त्यांच्या घरी गेले तर मला फार बरं वाटेल. आमच्या घरात आम्ही तिघी जावांनी ठरवून टाकलंय की तीन वेगवेगळ्या साड्या न देता पैसे एकत्र करून एकच हातमागाची साडी द्यायची, आधी त्या बाईला रंग विचारायचा आणि दुकानाचं बिलही सोबत द्यायचं, म्हणजे तिला बदलून घेता येईल. सुरुवातीला सासूबाईंना हे पटलं नव्हतं. आता रंग कोणता हे विचारायचा फोन त्याच करतात.