गाव कोणतं, महिना कोणता?

गेल्या महिन्यात पुण्यात शिकणाऱ्या भाच्याने घरच्या ग्रुपवर एक जुना फोटो टाकला. लोकरी टोपी, मानेवर रुळणारे केस, रोखून बघणारे डोळे. खाली मजकूर: 'नेस्तर माख्नो. युक्रेनचा शेतकरी क्रांतिकारक. ना झार, ना जमीनदार, ना पक्ष. असा माणूस आपल्याकडे का झाला नाही?' दहा मिनिटांत दाजींचं उत्तर आलं, 'झाला की. क्रांतिसिंह नाना पाटील.' त्यावर नागपूरच्या काकांचं, 'दोन्हीकडे लुटालूटच.' पुढे जे झालं ते कुठल्याही मराठी घराच्या ग्रुपवर होतं तेच. शेवटी भाच्याने मला मध्ये ओढलं. 'मामा, तू तिकडे युक्रेनच्या लोकांत राहतोस, तू सांग.'

मी कॅनडात विनिपेगला राहतो, बस बनवणाऱ्या कारखान्यात वायरिंगच्या लाइनवर काम करतो. जेवणाच्या सुट्टीत माझ्या टेबलावर दोघं ठरलेले असतात. एक स्टाइनबाखकडचा, निवृत्तीला आलेला मेनोनाइट. दुसरी २०२२ साली युद्धामुळे युक्रेनमधल्या झापोरिझ्झियाहून आलेली बाई. दोघांच्या डब्यात महिन्यातून एकदा तरी एकच पदार्थ निघतो: चक्क्यासारखं आंबटसर पनीर भरून उकडलेल्या करंज्या. तो त्यांना वेरेनिके म्हणतो आणि सायीच्या घट्ट रश्शात बुडवून खातो. ती वारेनिकी म्हणते आणि वर परतलेला कांदा घालते. कुणी कुणाकडून उचलला हे विचारायची सोय नाही, पण पदार्थ नीपर नदीच्या काठचा आहे एवढं दोघांना मान्य आहे.

मेनोनाइट म्हणजे हत्यार न उचलण्याचं व्रत घेतलेला ख्रिस्ती पंथ. अठराव्या शतकाच्या शेवटी रशियाच्या सम्राज्ञी कॅथरिनने त्यांना दक्षिण युक्रेनच्या काळ्या मातीत बोलावून वसवलं. शंभर वर्षांत त्यांच्या गिरण्या, विटांची घरं आणि मोठमोठे मळे झाले. शेजारच्या युक्रेनी गावांत मात्र जमिनीचे तुकडे पडत गेले. अशाच एका गावात, हुल्याइपोलेत, १८८८ साली माख्नो जन्मला. बाप लहानपणीच गेला. सातव्या वर्षी तो गुरं राखायला लागला, पुढे ओतकामाच्या कारखान्यात गेला. १९०६ मध्ये गावातल्या अराजकवादी पोरांच्या टोळीत शिरला. १९१० मध्ये त्याला फाशीची शिक्षा झाली, पण कोवळ्या वयामुळे ती जन्मठेपेवर आली. मॉस्कोच्या बुतिर्का तुरुंगात त्याने क्षय आणि थोडंफार शिक्षण, दोन्ही मिळवलं.

अराजक म्हटलं की आपल्या डोळ्यांपुढे पेटलेल्या बस येतात. हुल्याइपोलेच्या लोकांच्या मनात तसं काही नव्हतं. राजा नको, त्याच्या जागी दुसरा कुणी बसायला नको, गावसभा पुरे, एवढंच. १९१७ मध्ये तुरुंगातून सुटून आल्यावर माख्नोने नेमकं तेच केलं. जमिनीची कागदपत्रं जाळली, मळे वाटले. जमीनदाराला त्याने सगळ्यांइतका वाटा ठेवला, मात्र तो स्वतः कसायचा.

पुढच्याच वर्षी, रशियाने जर्मनीशी केलेल्या ब्रेस्ट-लितोव्स्कच्या तहानंतर, जर्मन आणि ऑस्ट्रियन फौजा युक्रेनभर पसरल्या. जमीनदार परतले, बरोबर चाबूकही. माख्नोच्या आईचं घर जाळलं, युद्धात जायबंदी झालेल्या भावाला गोळी घातली. आणि याच काळात मेनोनाइट तरुणांनी जर्मन अधिकाऱ्यांच्या हाताखाली बंदुका चालवायला शिकून गावराखण दलं उभी केली. शांततेचं व्रत तिथे मोडलं. हे मला इतिहासाच्या पुस्तकाच्या आधी त्या म्हाताऱ्याने सांगितलं, मान खाली घालून, जणू ते काल घडलं.

त्यानंतरचा माख्नो भाच्याच्या फोटोतला. लोक त्याला 'बात्को' म्हणू लागले. शब्दशः बाप, पण बोलण्यात आपल्या 'आबा'सारखा. त्याचं हुकमी हत्यार म्हणजे ताचान्का: स्प्रिंगवरची हलकी घोडागाडी, मागे तोंड करून बसवलेली मशीनगन. लग्नाच्या वऱ्हाडासारख्या गाड्या धावत यायच्या, वळायच्या आणि गोळ्या सुटायच्या. सप्टेंबर १९१९ मध्ये पेरेगोनोव्का गावाजवळ त्याच्या या शेतकरी सैन्याने बोल्शेविक कम्युनिस्टांविरुद्ध लढणाऱ्या सेनापती देनिकिनच्या 'पांढऱ्या' फौजेची फळी फोडली. तेव्हा देनिकिन मॉस्कोवर चालून निघाला होता, त्याची पिछाडी इथे कोसळली. तरी शहर या लोकांना कधी उमगलं नाही. रेल्वे कामगारांनी पगार मागितला, तर माख्नोने उत्तर दिलं की गाड्या तुम्हीच चालवा आणि भाडं तुम्हीच घ्या. शेतकऱ्याला हे सरळ वाटतं. ज्याची चूल महिन्याच्या पगारावर पेटते त्याला काय वाटलं असेल!

आणि मग ८ नोव्हेंबर १९१९. आयखनफेल्ड नावाच्या मेनोनाइट वस्तीत माख्नोच्या बंडखोरांनी एका दिवसात ऐंशीच्या आसपास माणसं मारली, बहुतेक पुरुष आणि मोठी मुलं. माख्नोचा स्वतःचा हुकूम होता की नाही यावर इतिहासकार अजून भांडतात. त्याच हिवाळ्यात त्याच्या सैनिकांबरोबर टायफस घरोघर शिरला. आमच्या म्हाताऱ्याची आज्जी त्यातून वाचली, तिच्या तीन बहिणी नाही वाचल्या. १९२३ ते १९३० या काळात वीसेक हजार मेनोनाइट कॅनडात आले, त्यात ती होती.

बाईची आठवण वेगळी. तिच्या खापरपणजीच्या दारात माख्नोचे लोक आले, तरणा घोडा सोडून नेला आणि आपली दमून फेस आलेली घोडी खुंट्याला बांधून गेले. अशा अदलाबदलीवरच ते सैन्य दिवसाला कित्येक मैल पळायचं. घोडी सावरली, दहा वर्षं नांगराला जुंपली गेली. १९३० मध्ये सोव्हिएत सरकारच्या सामुदायिक शेतीवाल्यांनी ती नेली, आणि बदल्यात काहीच ठेवलं नाही.

हे दोघं एकाच टेबलावर हे सगळं बोलतात. माख्नो चांगला की वाईट, असं त्यांनी एकमेकांना विचारलेलं मी कधी ऐकलं नाही. विचारतात ते, 'कोणतं गाव? कोणता महिना?' १९१८ चा जर्मन फौजांचा ऑक्टोबर आणि १९१९ चा आयखनफेल्डचा नोव्हेंबर यांत केवढं अंतर आहे ते दोघांना ठाऊक आहे. आमच्या ग्रुपवर पहिला प्रश्न असतो, 'तू कोणत्या बाजूचा?' तिथून पुढे कुणी गावापर्यंत पोचतच नाही.

इकडचे लोक शहाणे म्हणून असं होतं, असं मात्र कुणी समजू नये. आयखनफेल्डबद्दल तारखेनिशी बोलणाऱ्या याच म्हाताऱ्याला मी एकदा विचारलं की १८७०च्या दशकात पहिल्या मेनोनाइटांना इथे मॅनिटोबा प्रांतात जी राखीव जमीन मिळाली, ती आधी कुणाची होती? १८७१ च्या करारात अनिशिनाबे आणि क्री या मूळनिवासी लोकांकडून ती कशी सुटली? तो म्हणाला, 'ते सरकारने केलं,' आणि डब्याचं झाकण लावलं. आपल्या दुखण्याचा महिना लक्षात असतो.

माख्नो मला आवडतो, हे भाच्याला मी लपवलं नाही. १९२० मध्ये बोल्शेविकांनी, देनिकिननंतर पांढऱ्या फौजेचा प्रमुख झालेल्या व्रांगेलविरुद्ध, त्याच्याशी करार केला, क्रिमिया जिंकायला त्याची माणसं वापरली आणि काम होताच हुल्याइपोलेला वेढा घातला. १९२१ च्या ऑगस्टमध्ये तो सत्याहत्तर साथीदारांसह नीस्टर नदी ओलांडून रोमानियात गेला. पुढे पॅरिसला मोटारींच्या कारखान्यात राबला आणि १९३४ मध्ये क्षयानेच गेला. कारखान्यातल्या परक्या माणसाचं दुपारचं जेवण कसं असतं ते मला माहीत आहे. पण तो आवडतो म्हणून आयखनफेल्ड खोडून काढायचं, किंवा आयखनफेल्ड झालं म्हणून वाटलेली जमीन विसरायची, हे माझ्याच्याने होणार नाही.

दाजींनी ज्यांचं नाव काढलं त्या नाना पाटलांच्या प्रतिसरकारचंही तसंच. १९४३ ते ४६ साताऱ्याकडे गावोगाव न्यायनिवाडे झाले, गुंडांना जरब बसली, कमी खर्चात लग्नं लागली. हे खरं. तळपायांवर काठ्या बसल्या, हेही खरं. आमच्याच घरात आज्जीचे मामा 'पत्री बसलेले' म्हणून कुजबुजीत ओळखले जायचे. सावकारी करायचे म्हणे. की पोलिसांना खबर दिली होती? की भाऊबंदकीत कुणी नाव घुसवलं? दाजींना ठाऊक नाही, काकांना नाही, मलाही नाही.

मी भाच्याला लिहिलं, 'आधी आजीला विचार. गाव कोणतं, महिना कोणता.'

त्याने तिला, म्हणजे माझ्या आईला, फोन केला. ती आधी म्हणाली, 'मेलेल्यांचं कशाला उकरता?' दुसऱ्या दिवशी तिनेच त्याला परत फोन लावला. गावाचं नाव सांगितलं. साल आठवेना. म्हणाली, 'ज्वारी काढणीला आली होती. आणि मारणाऱ्यांतला एक जण दुसऱ्या दिवशी मामांचीच ज्वारी काढायला आला होता.'